घुसळखांबावरची खूण

पत्र, थोडक्यात : चोपडा तालुक्यातल्या एका गावातून ३३ वर्षांच्या वाचकानं लिहिलं आहे. घराणं सुतारांचं. वडील, म्हणजे नाना, उभी हयात बैलगाडीची चाकं, वखर, तिफणी आणि दारांच्या चौकटी करत आले. रबरी टायरच्या गाड्या आल्या, मग ट्रॅक्टर आले, आणि त्यांची हत्यारं पेटीत गेली. वाचक आयटीआय करून जळगावात एका ठेकेदाराकडे प्लायवूडचं फर्निचर करतात. रविवारी गावी येऊन शेडमध्ये लाकडाची शिल्पं घडवतात आणि घडवून झाली की गॅसच्या टॉर्चनं जाळून काळी करतात. तीन वर्षं हे चाललं आहे. यंदा आखाजी (अक्षय्य तृतीया) झाल्यावर आजोबांचं धाब्याचं घर उतरवलं, त्यातून सागाचे चार खांब निघाले. त्यांपैकी दोन जोडून वाचकानं एक उभं शिल्प केलं आणि जाळलं. त्यातला एक घुसळखांब होता; त्यावर ताक घुसळायच्या दोरीनं पडलेली खोलगट खूण होती. नाना शेडच्या दारात आले, ‘मन्ही मायना हात व्हता तठे’ एवढंच म्हणाले आणि चार महिने झाले, बोलत नाहीत. बायकोचं म्हणणं, आगीचं काम बंद करा, शेजारच्या खोलीत कापूस भरलेला आहे. नाशिकच्या एका हॉटेलमालकाला २४ एकसारख्या जाळीव फळ्या हव्या आहेत. एक मित्र म्हणतो, इथे कुजू नकोस, मुंबई गाठ. वाचक विचारतात : ‘ही कला आहे हे नानांना कसं समजावू? की सगळं सोडून देऊ?’

भाऊ,

तुमचं पत्र सात पानांचं आहे. कोळशाच्या थराला पडणाऱ्या भेगांवर तुम्ही दीड पान लिहिलंत आणि ते मला इतकं आवडलं की मी घरात मोठ्यानं वाचून दाखवलं. हॉटेलच्या ऑर्डरवर एक पान आहे. नानांचं वाक्य मात्र एका ओळीत येतं आणि लगेच पुढच्या ओळीत तुम्ही म्हणता, ‘त्यांना कलेतलं कळत नाही, त्यात त्यांचा दोष नाही.’ मला त्या दोन ओळींच्या मध्ये थोडं थांबायचं आहे.

‘मन्ही मायना हात व्हता तठे.’ माझ्या आईचा हात होता तिथे. यात कलेविषयी तक्रार कुठे आहे, भाऊ? मी शोधली, मला सापडली नाही. तुमचं शिल्प वाईट आहे, काळं आहे, अशुभ आहे, असं काहीही ते म्हणालेले नाहीत. एक वस्तू होती आणि ती आता नाही, एवढंच त्यांनी सांगितलं.

ज्या वाचकांनी घुसळखांब पाहिलेला नाही त्यांच्यासाठी सांगते. डेऱ्यात उभी रवी, ती दोरीच्या फासानं खांबाला अडकवलेली, आणि रवीला गुंडाळलेली दुसरी दोरी दोन्ही हातांनी आळीपाळीनं ओढायची. प्रत्येक ओढीला फास खांबावर घासतो. एका दिवसात काहीच दिसत नाही. वर्षानुवर्षं रोज पहाटे घासलं की सागासारख्या लाकडालाही तिथे खोलगट, गुळगुळीत कमर येते. तुमच्या आजीनं पटाशी न उचलता ते लाकूड कोरलं होतं. तुम्ही तीन वर्षं शिल्प करता आहात. तुमच्या घरातलं सगळ्यात जुनं कोरीवकाम तुमच्या हाती आलं आणि तुम्ही ते ओळखलं नाहीत. हे मी दुखवायला लिहीत नाही. तुमच्या पत्रातून तुमचा डोळा चांगला आहे हे दिसतं, म्हणूनच लिहिते आहे.

आणखी एक गोष्ट. तुम्ही सगळा दोष आगीवर टाकून बसला आहात. बहुतेक नानाही तसंच समजत असतील. पण तुम्हीच लिहिलंय की आधी चारही बाजूंना रंधा मारून ‘खांब साफ करून घेतला’. मग ती खूण आगीनं गेलेलीच नाही. ती रंध्यानं गेली, तुम्ही टॉर्च पेटवायच्या कितीतरी आधी. तुम्ही आग सोडलीत तरी हे परत घडू शकतं, आणि आग ठेवलीत तरी टाळता येऊ शकतं. म्हणून ‘सोडू का’ हा प्रश्न मी जरा बाजूला ठेवते.

नानांना आगीचं काम परकं आहे, असं तुम्ही धरून चाललात. मला त्याची खात्री वाटत नाही. माझं लहानपण एरंडोलकडच्या एका खेड्यात गेलं. चाकावर धाव, म्हणजे लोखंडी पट्टा, बसवायचा दिवस असला की आम्ही पोरं शाळा बुडवून लोहाराच्या अंगणात जायचो. गोवऱ्या गोल रचून त्यात लोखंडाची धाव तापत ठेवलेली असायची. ती मुद्दाम चाकाच्या घेरापेक्षा जराशी लहान केलेली. तापली की फुगते. लाल झाली की तिघं-चौघं सांडश्यांनी उचलून चाकावर टाकत, घणानं ठोकत, आणि लाकडातून भसकन धूर निघे, कधी ज्वाळ गोल धावत जाई. लगेच घागरी ओतायच्या. धाव आकसायची, पुठ्ठे, म्हणजे घेराचे लाकडी तुकडे, एकमेकांत दाबले जायचे, आरे मधल्या तुंब्यात घट्ट बसायचे आणि सगळं चाक करकरायचं. लोहार पाणी ओतत असे. सुतार मात्र जरा लांब उभा राहून फक्त ऐकत असे. सांधा कुठे बसला, कुठे नाही, हे त्याला आवाजावरून कळे. त्या चाकांना धावेखाली काळी कड असायची, जळालेल्या लाकडाची. नानांनी अशी कितीतरी चाकं केली असतील. लाकडाला किती आग सोसते आणि कुठे पाणी ओतायचं, हे त्यांना तुमच्या-माझ्या आधीपासून ठाऊक आहे. तुम्ही जपानी पद्धतीचा व्हिडिओ पाहून हे शिकलात, यात वाईट काही नाही. पण शेडपासून वीस पावलांवर ओसरीत बसलेल्या माणसाला तुम्ही एकदाही विचारलं नाहीत.

आता तुमच्या मनातल्या दुसऱ्या शंकेकडे वळते. पत्रात तुम्ही ती कंसात लिहिली आहे : हे खरंच शिल्प आहे की नुसतं जाळणं? तुमच्या आधी या वाटेनं गेलेली माणसं आहेत. चित्रकार जेराम पटेल १९३० साली गुजरातेत जन्मले, मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकले, पुढे बडोद्याला शिकवत राहिले. १९६०च्या दशकात त्यांनी प्लायवूडवर ब्लोटॉर्च धरला, लाकूड जाळलं, खरवडलं, त्यात खळगे पाडले. १९६३ साली दिल्लीत ‘ग्रुप १८९०’चं जे प्रदर्शन गाजलं, त्या गटातले ते एक. बडोदा आपल्यापासून काही सातासमुद्रापार नाही. सुरतेची गाडी नंदुरबारवरूनच जाते. तिकडे १९४५ साली इंग्लंडमध्ये जन्मलेला आणि वेल्समध्ये काम करणारा डेव्हिड नॅश हा शिल्पकार अख्खे बुंधे घडवतो आणि कोळशासारखे काळे करतो. तो वादळात पडलेली, रोगानं गेलेली किंवा काही कारणानं पाडावीच लागलेली झाडं घेतो. लाकूड कुठून आलं, हा त्याच्या कामाचाच भाग आहे. जपानातले लोक ‘सुगी’ नावाच्या तिथल्या झाडाच्या तीन फळ्या बांधून त्यांची उभी नळी करतात, आत आग लावतात, काही मिनिटांत पाणी ओततात आणि त्या फळ्या घराच्या भिंतींना लावतात, कारण वरचा कोळशाचा थर पावसाला आणि किड्यांना पुरून उरतो.

हे शक्य होतं कारण जाड लाकूड आपलं रक्षण आपणच करतं. आच लागली की आधी पाणी निघून जातं, मग अडीचशे-तीनशे अंश सेल्सियसच्या आसपास लाकूड विघटित होऊन वायू सोडू लागतं. ज्वाळ दिसते ती त्या वायूंची. मागे राहतो तो कोळसा, आणि कोळशातून उष्णता आत सहज जात नाही. इमारतींचा हिशेब करणारे इंजिनिअर धरतात की भर आगीतही जाड तुळई मिनिटाला साधारण अर्धा ते पाऊण मिलिमीटर एवढीच आत जळत जाते. म्हणजे तुमचा खांब आतून अजून तोच साग आहे. नानांना ‘मी घर जाळलं नाही’ असं सांगावंसं वाटेल तेव्हा हे सांगू नका, त्यानं त्यांचं दुःख हलकं होणार नाही. पण तुम्हाला स्वतःला हे माहीत असू द्या.

म्हणजे जाळणं ही शिल्पाची रीत आहेच. मला वेगळंच विचारायचं आहे : तुमच्या कामात काळा रंग किती भार उचलतो? कोणतंही लाकूड काळं केलं की ते गंभीर दिसतं. चुका झाकल्या जातात, प्लायवूडही ग्रॅनाइटसारखं वाटायला लागतं. तुम्ही पाठवलेल्या अकरा फोटोंपैकी चार शिल्पं मला अशी वाटली की ती जाळली नसती तरी उभी राहिली असती. विशेषतः ते बाभळीचं, वाकलेल्या पाठीसारखं. बाकीच्यांबद्दल मला खात्री नाही, आणि फोटोवरून न्याय करू नये हेही खरं. म्हणून तुम्हीच करून पाहा. येते सहा महिने प्रत्येक शिल्प आधी न जाळता पंधरा दिवस ओसरीत ठेवा, शेडमध्ये नको. येता-जाता दिसू द्या. पंधरा दिवसांनी त्याला आग हवीच आहे असं वाटलं, आणि नेमकी कुठे हवी हे बोट ठेवून सांगता आलं, तर जाळा. कदाचित एकच बाजू जाळावीशी वाटेल. कदाचित एक हात रुंद जागा तशीच सोडावीशी वाटेल. घुसळखांबाच्या बाबतीत हे पंधरा दिवस मिळाले असते तर नाना त्या खांबाजवळून रोज गेले असते, आणि बोलले असते.

आता तुमच्या बायकोचं. ‘तिला भीती वाटते’ या तीन शब्दांत तुम्ही तिला उडवून लावलंत. मला तर अख्ख्या पत्रात तिचंच म्हणणं सगळ्यात शहाणपणाचं वाटलं. आपल्याकडे भाव वाढेल या आशेनं कापूस महिनोन्‌महिने घरात भरून ठेवतात. सरकीसकट कापसाला एक ठिणगी पुरते आणि आग आत धुमसत राहते, वरून कळतही नाही. शेजारी कडब्याची गंजी, वर पत्र्याची शेड, आणि मे महिन्यात ४५ अंशांच्या घरात जाणारा पारा. कपाशीच्या काड्यांवर भरताची वांगी भाजणारी बाईसुद्धा आधी वारा कुठून आहे ते बघते. मग गॅसचा टॉर्च हातात घेणाऱ्यानं किती बघायला हवं?

मी तुम्हाला बंद करा म्हणत नाही, पण शेडमध्ये जाळणं आजपासून बंद. हे मी सल्ला म्हणून लिहीत नाही, विनंती म्हणून लिहिते. वस्तीपासून, कापसापासून, चाऱ्यापासून लांब उघडी जागा बघा. नांगरलेलं रान सगळ्यात बरं. खाली वाळू अंथरा. होळीपासून मृगापर्यंत टॉर्च पेटवायचाच नाही, त्या महिन्यांत कोरायचं, घासायचं. जाळायचं ते सकाळी सात-आठला, वारा पडलेला असताना, म्हणजे पुढचा अख्खा दिवस लक्ष ठेवायला मिळतो. संध्याकाळी कधीच नाही, कारण जाळलेलं लाकूड विझल्यासारखं दिसतं तेव्हा ते विझलेलं नसतं. भेगांच्या आत निखारा तासन्‌तास जिवंत राहतो आणि रात्री सगळे झोपल्यावर वाऱ्याच्या झुळुकीनं फुलतो. पाणी भरपूर ओता, उलथंपालथं करून परत ओता, दुपारी हात लावून बघा, संध्याकाळी परत बघा, आणि ती रात्र त्याला बाहेर वाळूवरच काढू द्या. दोन बादल्या पाणी, एक पाटी वाळू आणि शक्य असेल तर मोटारीची चालू नळी हाताशी हवी. अंगावर सुती, पूर्ण बाह्यांचे कपडे. टेरिकॉट आणि नायलॉन कातडीला चिकटतात. पायात बूट. आणि एकट्यानं कधीच नाही. सिलिंडर घरगुती वापरू नका, तो अशा कामाला चालत नाही, व्यावसायिक घ्या. तो उभा, नळीच्या पुरत्या लांबीवर, वाऱ्याच्या वरच्या बाजूला ठेवा आणि जोडांना साबणाचं पाणी लावून गळती तपासा.

एक धोका असा आहे की तो कुणी सांगत नाही आणि तुमच्या पत्रात त्याची चाहूल आहे. तुम्ही लिहिलंत की तारेच्या ब्रशनं कोळसा घासून झाल्यावर फडक्यानं जवसाचं तेल लावता आणि ‘फडकी कोपऱ्यातल्या पोत्यात टाकतो’. भाऊ, ती फडकी आजच बाहेर काढा. जवसाचं तेल वाळताना हवेतला ऑक्सिजन घेतं आणि गरम होतं. फडकं पसरलेलं असेल तर ती उष्णता निघून जाते, बोळा करून पोत्यात दाबलं की साठत जाते आणि काडी न लावता फडकं पेटतं. आपल्याकडच्या उन्हाळ्यात तर फारच लवकर. वापरलेलं फडकं एकेक करून बाहेर दगडावर पसरून कडक वाळू द्या, नाहीतर झाकणाच्या पत्र्याच्या डब्यात पाण्यात बुडवून ठेवा. लाकडी फर्निचरचं काम करणाऱ्या सगळ्यांनाच हे लागू आहे, फक्त शिल्पकारांना नाही.

कोळशाची पूड फुप्फुसात बसते, म्हणून घासताना चांगला मास्क हवा. पण मास्क धुरातले वायू अडवत नाही, त्याला मोकळी हवाच लागते. कामावरून आणलेले प्लायवूडचे आणि एमडीएफचे तुकडे जाळू नका, त्यांतला डिंक विषारी धूर सोडतो. जेराम पटेलांनी प्लायवूड जाळलं म्हणून आपणही जाळावं असं नाही. जुन्या दारांवरच्या ऑइलपेंटमध्ये बऱ्याचदा शिसं असतं, तेही जाळायचं नाही. आणि शेवटी तुम्ही सहज विचारलंत ते, मायक्रोवेव्हमधला ट्रान्सफॉर्मर काढून विजेच्या झटक्यानं लाकडावर फांद्यांसारख्या रेषा उमटवायचं. त्याला स्पष्ट नाही. तिथे दोन हजारांच्या आसपास व्होल्ट असतात, त्यात हाताचा एकदा स्पर्श झाला तर दुसरी संधी मिळत नाही. अमेरिकेतल्या लाकूड कातणाऱ्यांच्या संघटनेनं माणसं मेल्यामुळे आपल्या कार्यक्रमांत हा प्रकार बंद केला आहे. तुमचं पोरगं लहान आहे.

हॉटेलच्या ऑर्डरला तुम्ही ‘कलेशी गद्दारी’ म्हटलंय. का? नानांनी आयुष्यभर एकसारखी चाकं केली. गाडीची दोन चाकं वेगवेगळी असून चालतच नाहीत. २४ फळ्या सारख्या जळायला आचेवर जो ताबा लागतो तो तुम्हाला शिल्पातही उपयोगी पडेल. घ्या ऑर्डर. पण आधी एक नमुना करून द्या, त्यावर दोघांच्या सह्या, निम्मी रक्कम इसार म्हणून, आणि कागदावर स्पष्ट लिहा की काळा रंग हाताला लागू नये म्हणून तुम्ही काय लावणार आहात आणि भिंतीवर बसवायची जबाबदारी कुणाची. आतल्या भिंतीला लावायच्या असतील तर आगीच्या परवानगीचं काय, हे मालकाला त्याच्या माणसांकडून विचारून घ्यायला सांगा. लाकूड पावतीचं घ्या. दर ठरवताना गॅस, रविवारचे दिवस आणि वाया जाणाऱ्या फळ्या धरा. प्रत्येक वेळी काही फळ्या वाकतात, तडकतात. आणि उरलेल्या दोन खांबांना या ऑर्डरसाठी हातही लावू नका.

लाकडाविषयी एवढं सांगते, कारण असंच काम करू पाहणाऱ्या आणखी दोघांची पत्रं मागे आली होती. सातपुड्यातून कुणी ‘पडलेलं’ लाकूड स्वस्तात आणून दिलं तर घेऊ नका. स्वतःच्या शेतातलं झाड असलं तरी साग, मोह, अंजन, चिंच, आंबा, जांभूळ, ऐन, खैर यांसारख्या झाडांना महाराष्ट्राच्या १९६४च्या वृक्षतोड कायद्याप्रमाणे परवानगी लागते, आणि तोडलेलं लाकूड गाडीत घालून न्यायलाही पास लागू शकतो. वन खात्याच्या परिक्षेत्र कार्यालयात एकदा जाऊन विचारलं की काम होतं. जुन्या घराचं लाकूड असेल तर घर उतरवतानाचे फोटो आणि ग्रामपंचायतीचा कागद जपून ठेवा. मोहाच्या झाडाबद्दल तर मी म्हणेन, परवानगी मिळाली तरी आधी आसपासच्या पाड्यावर विचारा.

मुंबई गाठायची की नाही, यावर माझ्याकडे एकच उत्तर नाही, कारण खान्देशानंच दोन उत्तरं दिली आहेत. शिल्पकार राम सुतार धुळे जिल्ह्यातल्या गोंदूरचे, १९२५चा जन्म, तुमच्यासारखेच सुताराच्या घरातले. ते मुंबईला जे. जे.मध्ये गेले, तिथून दिल्लीकडे, आणि नर्मदेकाठचा १८२ मीटरचा सरदार पटेलांचा पुतळा त्यांच्या हातचा. आणि केकी मूस मुंबईत जन्मले, विलायतेत शिकले आणि चाळीसगावात येऊन राहिले ते १९८९ साली मरेपर्यंत. कित्येक वर्षं तर घराबाहेरही क्वचितच पडले. टेबलावर मांडणी करून काढलेली त्यांची छायाचित्रं जगभर गेली. चाळीसगाव स्टेशनजवळचं त्यांचं घर अजून बघता येतं. एखाद्या रविवारी बायकोला आणि पोराला घेऊन जा, काही ठरवण्यासाठी नव्हे, नुसतं बघायला. तुमच्या मित्राच्या ‘कुजू नकोस’ या शब्दाचा मला राग आला, ते मी लपवत नाही. पण तुम्हाला दुसऱ्या शिल्पकारांची संगत हवी आहे, हे पत्रातून कळतं आणि ती गरज खरी आहे. त्यासाठी नोकरी सोडायची गरज नाही. कला संचालनालयाच्या राज्य कला प्रदर्शनाला काम पाठवा, निवड झाली नाही तरी जाऊन बघा. बडोद्याला चार दिवस काढा. परत आल्यावर ठरवा.

आता नाना. ‘कसं समजावू’ असं तुम्ही विचारलंत. समजावू नका. जेराम पटेल, जपान, हे काही त्यांच्यापुढे मांडू नका. त्यांनी जे सांगितलं त्याचं उत्तर अजून तुमच्याकडून गेलेलं नाही, ते आधी द्या. ‘नाना, मला ती खूण दिसली होती आणि मी तुम्हाला न विचारता रंधा मारला, माझं चुकलं.’ एवढंच, त्यापुढे ‘पण’ नको. ते कदाचित काही बोलणार नाहीत. चार महिन्यांचा अबोला एका वाक्यानं संपत नाही आणि बापाच्या वयाच्या माणसाला लगेच बोलता येतही नाही. थांबा.

मग आत्यांनाही सांगा. तुमच्या दोन आत्या आहेत, असं पत्रात ओझरतं आलंय. आखाजीला त्या माहेरी यायच्या ते त्याच घरात. झोका बांधला जायचा तो कुठे, ताक कोण घुसळायचं, चुलीशी कोण बसायचं, हे त्यांना नानांपेक्षाही जास्त आठवत असेल. घर उतरवताना त्यांना कुणी विचारलं होतं का? विचारलं नसेल तर तेही तुमच्या एकट्याच्या माथी नाही, पण फोन तुम्ही करा.

जळालेल्या शिल्पाचं काय करायचं, याविषयी मला वाटतं की ते मोडू नका आणि इतक्यात विकूही नका. प्रदर्शनाला पाठवायचं असेल तर नानांनी हो म्हटल्याशिवाय नाही, आणि ‘आजोबांच्या घराचे खांब’ अशी पाटी तर त्यांना विचारल्याशिवाय मुळीच नाही. ती गोष्ट विकली जाते हे खरं आहे, बघणाऱ्यांना ती आवडेलही. पण ती तुमच्या एकट्याची नाही.

राहिले दोन खांब. ते शेडमधून काढून ओसरीत आणा, नानांच्या नजरेसमोर. रंधा नको, पाणी नको, नुसती धूळ झटका. त्यांवर काय काय आहे ते आधी तुम्ही नीट बघा : खिळ्यांची भोकं, कंदिलाच्या धुराचा डाग, पोरांची उंची मोजल्याच्या रेघा, गुरं बांधल्याचे घट्टे. फोटो काढा, कागद लावून पेन्सिलीनं ठसे घ्या. मग हे दोन खांब नानांचे, असं मनाशी खरोखर ठरवा. त्यांनी नातवासाठी चौरंग करायला घेतला तर करू द्या. दाराशी तसेच उभे करा म्हणाले तर करा. काहीच म्हणाले नाहीत तर तसेच पडू द्या, सागाला घाई नसते. कधीतरी ते स्वतः ‘हा तू घे’ म्हणाले, तर त्या खांबाला कुठे आग लावायची आणि कुठे नाही, हे त्यांच्या बोटानं दाखवून घ्या.

बोलायला सुरुवात कशी करायची हे सुचत नसेल, तर एक प्रश्न आहे ज्याचं उत्तर सुताराला दिल्यावाचून राहवत नाही. जुने सुतार खांब उभा करताना झाड जसं वाढलं तसाच उभा करायचे, बुंधा खाली आणि शेंडा वर. शंभर वर्षं धुरात काळवंडलेल्या, दोन्ही टोकं तासलेल्या खांबात बुंधा कोणता, हे मला ओळखता येणार नाही. तुम्हाला येतं का? येत नसेल तर खांब आडवे घाला, नानांजवळ बसा आणि विचारा, ‘नाना, याचा बुंधा कोणता?’

ते उठून हात फिरवून बघतील. त्या वेळी तुम्ही त्यांच्या हाताकडे बघा, आणि मला लिहा.